मायच्या अंगातलं

आंजी (मोठी),
सप्टेंबर १९५८

प्रिय प्रेमदास,

जय भीम. तुझं पत्र येऊन आठवडा झाला. पोस्टमन आला तेव्हा मी गवऱ्या थापत होते, म्हणून पत्र तुझ्या भाऊजींनी फोडलं. वाचता येत नाही तरी चांगलं वरखाली निरखलं, आणि मग मी हात धुऊन येईपर्यंत ते कोणाच्या हाती लागू दिलं नाही. पहिलं पान मी अंगणात मोठ्यानं वाचलं. लग्न ठरलं, मुलगी मॅट्रिक झालेली, वडील हेडमास्तर, हे ऐकून सगळ्या बाया गोळा झाल्या. आपल्या घरात सातवी झालेली मीच काय ती पंडिता, आता माझा तोरा उतरला म्हणून सीताकाकूनं मला चिडवून घेतलं. मुहूर्त नाही, भटजी नाही, दीक्षेच्या दिवशीच लग्न लावायचं, हे तर सगळ्यांनाच आवडलं. वस्तीचे पंच लहानूजी म्हणाले, पोरानं वस्तीचं नाव काढलं. माय उंबऱ्यावर बसून नुसती ऐकत होती आणि पदरानं पुन्हा पुन्हा तोंड पुसत होती.

दुसरं पान मी मनातल्या मनात वाचलं. बायांनी विचारलं, पुढे काय लिहिलं आहे, तर मी सांगितलं, सगळ्यांना नमस्कार लिहिला आहे. पण त्यात होतं ते वेगळंच: रविवारी सकाळच्या पॅसेंजरनं मायला घेऊन निघायचं, तू नागपूरला स्टेशनवर भेटशील, वेड्यांच्या दवाखान्यातल्या डॉक्टरांशी तू बोलून ठेवलं आहेस, आणि त्यांनी विचारलं की मी सांगायचं, हिचं वीस वर्षांपासून असंच आहे. लग्न होऊन पाहुणे घरी गेले की मग तिला परत आणायचं पाहू. तुझ्यावर रागावून मी हे लिहीत नाही. खरं सांगते, ते वाचून मला आधी हायसंच वाटलं. आपण दोघं एकाच कुशीतून आलो, लाजही आपली सारखीच.

वैशाख पौर्णिमेचं तुझ्या मनातून जात नाही, माझ्याही जात नाही. नागपूरचे पाहुणे आले होते, तू स्वतः मंचावर होतास, पांढरा शर्ट, पांढरा पायजामा, आणि मी इकडे बायांत अशी मान ताठ करून बसले होते की सांगता सोय नाही. त्रिशरण सुरू झालं आणि मायचं अंग थरथरायला लागलं. आधी बोटं, मग खांदे. डोळे उघडे, पण समोरचं काही दिसत नसल्यासारखे, आणि गालांवरून पाणी. मी तिचा हात दाबला, चिमटासुद्धा काढला. मागून कोणीतरी बाई हळूच म्हणाली, आली, देवी आली. मग ते सगळीकडे पसरलं. पाहुण्यांनी म्हणणं थांबवलं. तू मंचावरून उतरलास, मायच्या डोक्यावरून पदर ओढलास आणि तिला धरून बाहेर नेलंस. त्या दिवशी घरात वरणभात झाला होता, तू न जेवताच निघून गेलास. माय संध्याकाळी विचारत होती, पोरगा जेवला का.

तू गेलास, पण मला इथंच राहायचं होतं. बाजारात खुशालच्या चहाच्या टपरीवर रोजचा विषय तोच. एकदा मी मीठ घेऊन येत होते तेव्हा त्यानं मुद्दाम मला ऐकू जाईल अशा आवाजात म्हटलं, "देवाले यायनं सोडलं, पन देवी काई यायले सोडून नाई राह्यली." आपण देव सोडले पण देवी आपल्याला सोडत नाही, म्हणून चारचौघं हसली. कोणी मारलं असतं तर मी उलट मारलं असतं, पण हे खरंच होतं. आपल्या घरातले देव मीच टोपलीत भरून नदीत सोडले होते. मातामाय देवीच्या ठाण्याकडे आता आपल्या वस्तीतलं कोणी फिरकत नाही. आणि ज्या घरातून सगळ्यांत आधी टोपली निघाली, त्याच घरात हे. मी मीठ घेऊन घरी आले आणि मायशी दिवसभर बोलले नाही.

लहानूजींनी मग पाच माणसं बसवून विचार केला. वाईट कोणाच्याच मनात नव्हतं. त्यांचं म्हणणं असं पडलं की आपल्या मायच्या, तानाबाईच्या अंगात जुनी सवय राहिली आहे, आणि ती प्रतिज्ञांनीच निघेल. म्हणून रोज दिवेलागणीला मी तिच्यापुढे बसून त्रिशरण आणि बावीसच्या बावीस प्रतिज्ञा तिच्याकडून म्हणून घ्यायच्या. मीही कंबर कसली. मायला लिहिता येत नाही, पण पाठांतर तुझ्यामाझ्यापेक्षा पक्कं. एक शब्द चुकली नाही. आणि रोज, प्रेमदास, अगदी रोज, म्हणता म्हणता तिचं अंग थरथरायला लागायचं. मला वाटायचं, अजून पुरेसं झालं नाही, म्हणून मी पुन्हा पहिल्यापासून म्हणायला लावायची. पावसाळाभर आमचं हे चाललं. ज्यानं ते होत होतं तेच आम्ही तिला औषध म्हणून देत होतो, आणि एवढी शिकलेली मी, मला ते कळलं नाही.

मध्येच एक दिवस कुणब्यांच्या आळीतली रंभा आली. मागच्या दारानं, पदराखाली नारळ आणि लिंबं घेऊन. तिच्या पोराचा ताप उतरत नव्हता. तुमचं तुम्ही काही करा, म्हणाली, पण तानाबाईला एकदा विचारू द्या. मी तिला उभंच केलं नाही. नारळ तिच्या हातात परत कोंबला आणि नाही नाही ते बोलले. माय आतून उठून आली. रंभाच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाली, देवी गेली आता, पोराला वर्ध्याला सरकारी दवाखान्यात ने, उशीर नको करू. एवढं शहाण्यासारखं बोलली. रंभानं पोराला बंडीत घालून नेलं, ते बरं आहे आता. पण गावात काय झालं, तर तानाबाईच्या देवीनं दवाखान्याचा कौल दिला. तेव्हा सांग, आपण कुठं कुठं तोंड झाकायचं?

तू लहान होतास, मायच्या कडेवर, म्हणून तुला मरीचं साल आठवणार नाही. ऐकलं मात्र पुष्कळ असशील. उन्हाळा होता, आपल्या वस्तीचा झरा आटला होता आणि नदीच्या डबक्यातलं पाणी पिऊन माणसं मरत होती. आपल्या दोघांमधला भाऊ त्यातच गेला. गावाचे मालक, मालगुजार भैय्याजी, यांची विहीर पाण्यानं भरलेली, पण आपण पायरीशीसुद्धा जायचं नाही. मरी आली की गावानं मातामायला निवद न्यायचा आणि पूजेचा मान आपल्या लोकांचा, हा त्या वेळचा रिवाज. सगळा गाव ठाण्यापुढे जमला होता, भैय्याजी हात जोडून उभे होते, आणि मायच्या अंगात आलं. केस सुटलेले, कपाळभर कुंकू. मी दहा वर्षांची असेन, तिला पाहून भ्यायले. तिनं भैय्याजींना अरेतुरे केलं. माझी लेकरं तहानेनं मरतात, तुझी विहीर मी आटवून टाकीन, तुझ्या घरात दिवा लावायला कोणी ठेवणार नाही, म्हणाली. आणि तो एवढा मोठा माणूस धुळीत तिच्या पायांवर पडला. दुसऱ्या दिवसापासून पाऊस लागेपर्यंत भैय्याजींचा गडी विहिरीचं पाणी ओढून आपल्या बायांच्या घागरींत ओतत होता. वरूनच ओतायचा, पण ओतायचा. पुढे कितीतरी वर्षं माय देवीची बाई होती, आणि तोवर आपल्याला तिची लाज कधी वाटली नाही, उलट मिरवलंच आपण. तेव्हा तिला कोणी दवाखान्यात न्या म्हटलं नाही.

आता मी जे केलं ते लिहिते. गेल्या पौर्णिमेला वर्ध्याहून धम्माच्या समितीची माणसं येणार होती. लहानूजींनी मला बाजूला घेऊन सांगितलं, सुलोचना, या खेपेला सांभाळ. मी मायला जळणाच्या पऱ्हाट्या ठेवतो त्या खोलीत बसवलं, पाण्याचा तांब्या ठेवला, आणि बाहेरून कडी लावली. तिनं का म्हणून विचारलंसुद्धा नाही. मग मी अंगणात जाऊन सगळ्यांबरोबर वंदना आणि प्रतिज्ञा म्हटल्या. भिंत कुडाची, आवाज आत जात असणारच. सगळ्या जीवांवर दया करीन, असं मी मोठ्यानं म्हणत होते आणि माझा एक कान त्या कडीकडे होता. माणसं चहा पिऊन गेल्यावर मी दार उघडलं. माय पऱ्हाट्यांना टेकून बसली होती, तोंड ओलं, आणि अशी शांत की तशी मी तिला कधी पाहिली नव्हती. मला म्हणाली, झालं का तुमचं, चहा उरला असेल तर घोटभर दे.

तरी मी शहाणी झाले नाही. तुझं पत्र आलं तेव्हा मी ठरवूनच टाकलं की न्यायचं. कारण तुझ्या लग्नात तेच शब्द म्हटले जाणार, हेडमास्तरांच्या सगळ्या गोतावळ्यापुढे, आणि तेव्हा मी तिला कोणत्या खोलीत कोंडणार? तिला आधी सांगायचं नव्हतं, नागपूरला लग्नाच्या खरेदीला जायचं आहे म्हणणार होते. पण परवा दुपारी आम्ही दोघी मुगाच्या शेंगा सोलत बसलो होतो, आणि तिनं आपणहून विचारलं, दुसऱ्या पानावर काय होतं. तिला वाचता येत नाही, पण पानं तर दिसतात. मग मला खोटं बोलवेना. मी सगळं सांगितलं. वीस वर्षांपासून असंच आहे, हे डॉक्टरांना सांगायचं आहे, तेही सांगितलं.

मला वाटलं, रडेल. ती हसली. म्हणाली, वीस वर्षांपासून नको सांगू, ते खोटं होईल. मग शेंगा बाजूला ठेवून तिनं जे सांगितलं ते तिच्याच शब्दांत लिहिते, माझ्या शब्दांत लिहिलं तर तुला वाटेल मी रचलं. "देवी नोयती आली तवा. कवाच नाई आली. मीच होती. मले पानी पायजे होतं. तानाबाईनं मांगतलं असतं तं कोनं देल्लं असतं? देवीले देल्लं." मी विचारलं, मग पुढची सगळी वर्षं? तर म्हणाली, एकदा झाल्यावर सोडता कसं येतं, कोणाची जमीन दाबली जात होती, कोणाची सून जाळायला निघाले होते, तानाबाईचं ऐकायला कोण बसलं होतं? हे कोणाला माहीत नव्हतं. आपल्या बाबालासुद्धा नाही. बाबा मरेपर्यंत तिच्या अंगात आलं की स्वतः तिच्या पाया पडायचा, आणि त्याची तिला फार लाज वाटायची, म्हणाली.

मग आता हे काय होतं, मी विचारलं. आता कोणाकडून काय पाहिजे? तर ती नागपूरचं सांगायला लागली. दीक्षेला आपण सगळे गेलो होतो, ती धूळ, ती गर्दी, पांढरं पातळ तिनं मागून नेसलेलं. लाखो माणसं एका आवाजात शरण म्हणायला लागली तेव्हा तिला पहिल्यांदा झालं. आपल्याला वाटलं होतं, उन्हानं. तिला आधी भीती वाटली, की इतकी वर्षं सोंग केलं म्हणून ही खरीच आली की काय. पण तसं नव्हतं. "माह्या अंगात कोनी येत नाई व बाई," म्हणाली. "जे हाय तेच निघून जाते. तानी जाते, तानीचं दुखनं जाते, मेलेलं लेकरू जाते. कोनीच नाई राहात. मंग लय बरं वाटते, अन् रडू येते." एवढंच म्हणाली आणि शेंगा पुन्हा ओढून घेतल्या.

तू धाडलेलं धम्माचं पुस्तक मी दोनदा वाचलं आहे. त्यात अनात्म, निर्वाण असे मोठे मोठे शब्द आहेत, आणि त्यांतल्या एक-दोन शब्दांपाशी मी परवापासून थांबले आहे. पण मायचं हे तेच आहे, असं म्हणायला मी कोण? मी भिक्खू नाही आणि डॉक्टरही नाही. ती अलीकडे चुलीवर भाजी ठेवून विसरते हेही खरं आहे. मागच्या आठवड्यात भर उन्हात नदीवर जाऊन बसली होती, तुझे भाऊजी शोधून घेऊन आले. कदाचित तिच्या डोक्यात खरंच काही बिघडलं असेल. कदाचित आपण सगळे रोज ज्या दारापुढे उभं राहून शब्द म्हणतो, ती एकटीच आत जाऊन येत असेल. मला ठरवता येत नाही. मला एवढंच कळतं की तिनं सोंग केलं तेव्हा सगळा गाव पाया पडला, आणि आता सोंग सुटलं तर पोटच्या पोरांनी तिला वेडी ठरवलं. त्यातली थोरली मी. तुझे भाऊजी त्या खोलीची कडी उपसून कुठंतरी टाकून आले.

आज सकाळी उठून पाहते तर मायनं आपलं गाठोडं बांधून ठेवलेलं. दोन लुगडी, चोळ्या, तंबाखूची डबी. रविवार आज नाही, मी म्हटलं, आणि कुठं जायचं नाही. तर मलाच समजावायला लागली. पोराच्या लग्नात खोट नको, हेडमास्तराची पोरगी रोज मिळत नाही, चार महिने तिथं राहिले तर काय झिजणार आहे. मग माझा हात धरून अगदी हळू आवाजात म्हणाली, "देवीचं मले करता येत होतं व पोरी. पागलाचं नाई येत. डाकटर पुसन तवा काय कराचं असते, थे तू मले शिकवून देजो." प्रेमदास, तेव्हापासून ती माझ्या मागे लागली आहे. पाणी भरताना विचारते, भाकरी थापताना विचारते, हसायचं असतं की रडायचं, नाव विचारलं तर सांगायचं की नाही. एवढ्याचसाठी हे पत्र लिहायला बसले. मी रविवारी येत नाही. मला तिला ते शिकवता येणार नाही. तुला येत असेल, तर तू ये आणि तिच्यासमोर बसून शिकव.

तुझीच,
सुलोचनाबाई